ओंडका, वही आणि सर्व्हर

सर्व्हरच्या 'लॉग'ला लॉग का म्हणतात, माहितीये? पूर्वी जहाजाचा वेग मोजायला गाठी मारलेल्या दोराला लाकूड बांधून समुद्रात सोडत आणि ठरावीक वेळात किती गाठी हातातून गेल्या ते मोजत. ते लाकूड म्हणजे लॉग, आणि नोंदीची वही लॉगबुक.

१९८०च्या दशकात एरिक ऑलमनने सेंडमेलसाठी सिसलॉग लिहिला आणि पुढे चार मशीनच्या नोंदी एका मशीनवर जमा करणं रुळलं. पण नोंदी गोळा करून त्यांचं करायचं काय, हे मला विचाराल तर मॅथ्यू मॉरीकडून शिकावं.

मॉरी अमेरिकन नौदलातला. १८३९मध्ये घोडागाडीच्या अपघातात पाय अधू झाला, समुद्र सुटला. १८४२मध्ये वॉशिंग्टनला नकाशे आणि उपकरणांच्या डेपोवर नेमणूक झाली. तिथे जुन्या लॉगबुकांचे ढीग पडलेले. एकेका कप्तानाची एकेक सफर. सुटी सुटी बघितली तर रद्दीच! याने समुद्राचे पाच-पाच अंशांचे चौकोन पाडले आणि प्रत्येक चौकोनात, महिन्यागणिक, वारा कुठल्या दिशेने किती वेळा आला आणि किती वेळा पडलेला होता ते मांडलं.

गंमत बघा, उद्या वारा कुठून येईल हे त्यात कुठेच नाही. इतक्या नोंदींपैकी इतक्या वेळा, बस्स. आपल्याकडे दिवाळी सेलच्या रात्री किती ट्रॅफिक येणार, म्हणून मॅनेजर एकच आकडा मागतो. तो देऊ नये. मागचे लॉग काढून "इतक्यांदा असं झालं, एकदा भलतंच झालं" असं सांगावं आणि त्या भलत्यासाठीही सर्व्हर राखून ठेवावेत.

ब्राझीलच्या किनाऱ्याजवळच्या प्रवाहांना घाबरून रिओकडे जाणारी जहाजं पूर्वेकडून मोठा वळसा घेत. नोंदी म्हणत होत्या, इतकं भ्यायचं कारण नाही. १८४८मध्ये एका कप्तानाने मॉरीचं ऐकलं आणि बाल्टिमोर ते रिओ ३८ दिवसांत गाठलं. एरवी ५५च्या आसपास लागत! मग काय, कप्तानांची रांग. सौदा साधा: तुमचा लॉग द्या, नकाशा फुकट न्या.

(हाच माणूस १८६१मध्ये गुलामगिरी राखणाऱ्या दक्षिणेच्या बाजूला गेला. ते सलतंच.)

१८५३मध्ये ब्रुसेल्सच्या परिषदेत दहा देशांनी लॉगचा एक नमुना ठरवला. सिसलॉगचा रिवाज मात्र कागदावर यायला २००१ उजाडलं, आरएफसी ३१६४मध्ये. आणि त्यातल्या तारखेत महिना, दिवस, वेळ आहे, वर्षच नाही! आजची गडबड शोधायला चालतं, पण तीन दिवाळ्या शेजारी ठेवून बघायच्या तर पंचाईत. वर्ष आणि टाइमझोन आले ते २००९च्या आरएफसी ५४२४मध्ये. जुनी उपकरणं अजूनही वर्ष न घालता नोंदी पाठवतात. त्या मध्यवर्ती सर्व्हरवर पोचल्या की तिथेच वर्ष चिकटवून घ्या.