भातवडीचे पाणी

अहिल्यानगर, म्हणजे आपले जुने अहमदनगर. तेथून पाच-सहा कोसांवर भातवडी नावाचे गाव आहे. लोक त्याला भातोडीही म्हणतात. गावाजवळ निजामशाहीच्या काळचा तलाव आहे. 1624 साली या तलावाच्या पाण्याने एक लढाई जिंकून दिली. ती जिंकणारा सेनापती एके काळी बाजारात विकला गेलेला गुलाम होता.

त्याचे नाव मलिक अंबर. सुमारे 1548 साली हबसाणात, म्हणजे आजच्या इथिओपियात, त्याचा जन्म झाला. लहानपणीच तो विकला गेला, आणि अरबस्तान, बगदाद असे हात बदलत अखेर निजामशाहीचा पेशवा चंगीजखान याच्या पदरी आला. चंगीजखानही हबशीच होता. धन्याच्या मृत्यूनंतर अंबर मोकळा झाला आणि तलवारीवर पोट भरू लागला.

1600 साली चांदबिबीचा खून झाला व अहमदनगरचा किल्ला मोगलांनी घेतला. राज्य बुडाले, असेच जो तो समजला. पण अंबराने राजवंशातला एक मुलगा शोधून परांड्यास गादीवर बसविला आणि राज्य पुन्हा उभे केले. चपळ मराठी घोडदळ हाताशी धरून तो मोगलांची रसद तोडी, छापे घाली आणि डोंगरांत नाहीसा होई. हेच तंत्र पुढे महाराष्ट्राने घराघरांतून ऐकले.

1624 साली मात्र मोगल आणि विजापूरकर एक होऊन त्याच्यावर चालून आले. अंबराने भातवडीचा बांध फोडला. शत्रूच्या छावणीभोवती चिखल झाला, हत्ती-घोडे रुतले, दाणा-वैरणीची टंचाई पडली. मग त्याने चाल केली. विजापूरचा सेनापती मुल्ला महंमद लारी मारला गेला. अंबराच्या बाजूने शहाजीराजे लढले. त्यांचे धाकटे बंधू शरीफजी त्या रणात पडले. विजय मोठा झाला, पण अंबराशी न पटून लवकरच शहाजीराजे विजापूरकरांकडे गेले. रणात जोडलेली माणसे दरबारात टिकवणे अंबरालाही साधले नाही.

ख्रिस्ती धर्मयुद्ध्यांना पाणी पाजणारा इजिप्तचा बैबर्स हाही गुलामच होता. तो 1260 साली आपल्या सुलतानाला मारून स्वतः तख्तावर बसला. अंबरही काही साधुपुरुष नव्हता. राजे बसविणे-उठविणे हा त्याच्या डाव्या हाताचा खेळ होता. तरीही गादीवर तो स्वतः कधी बसला नाही. खडकी शहर वसवून त्याने तेथे नळातून पाणी आणले, जमिनीची मोजणी करून सारा ठरविला. तेच खडकी पुढे औरंगाबाद झाले. आजचे छत्रपती संभाजीनगर.

1626 साली अंबर वारला आणि खुलदाबादेत त्याला मूठमाती मिळाली. अवघ्या दहा वर्षांत, 1636 साली, निजामशाही संपली. राज्याला आधार गादीचा होता की त्या गुलामाचा, याचे उत्तर या दहा वर्षांनीच देऊन टाकले.