एक गळा, दोन बालगंधर्व

आजचा प्रश्न असा: गाणारा माणूस स्टेजवर चढला, की तो नक्की कोण असतो?

आपलं उदाहरण आहे नारायण श्रीपाद राजहंस, म्हणजे बालगंधर्व. जन्म १८८८चा. तेव्हा मराठी संगीत नाटकात बायकांची कामं बहुतेक पुरुषच करायचे. १९०५ साली नारायणराव किर्लोस्कर नाटक मंडळीत आले आणि शकुंतला, भामिनी, रुक्मिणी, सिंधू झाले. शालू नेसावा, गजरा माळावा तर त्यांच्यासारखा! घरोघरच्या बायका त्यांची नक्कल करायच्या.

आता त्यांची जुनी रेकॉर्ड हेडफोन लावून ऐका. मला तरी त्यात ओढूनताणून काढलेला बायकी आवाज कुठेच सापडत नाही. भास्करबुवा बखल्यांच्या तालमीत तयार झालेला गोड गळा आहे, बस्स. म्हणजे भामिनी फक्त आवाजात नव्हती. निम्मी भामिनी प्रेक्षकांनी मनात उभी केली होती.

पण या दुहेरी ओळखीची किंमत होती. 'मानापमान'चा पहिला प्रयोग १२ मार्च १९११चा. त्याच दिवशी त्यांची लहान मुलगी गेली, तरी त्यांनी प्रयोग केला, असं सांगतात. तेव्हा ते अवघे बावीस वर्षांचे होते. आत बाप रडतोय आणि बाहेर भामिनी गातेय. आपण याला 'प्रोफेशनल' म्हणून मोकळे होतो. मला मात्र वाटतं, त्या रात्री नारायणरावांना स्वतः असण्याची सुट्टीच मिळाली नाही.

पुढे बोलपट आला. १९३२च्या 'अयोध्येचा राजा'त तारामती झाल्या दुर्गा खोटे. बाईच्या भूमिकेत खरोखरची बाई! १९३५ साली प्रभातच्याच 'धर्मात्मा'त बालगंधर्व संत एकनाथ झाले, म्हणजे पुरुष. गळा तोच, पण लोकांच्या मनातली भामिनी काही हटेना. मग १९३७च्या 'साध्वी मीराबाई'त ते पुन्हा स्त्रीवेषात, मीरा म्हणून आले. पण कॅमेरा जवळून बघतो. नाट्यगृहातल्या प्रेक्षकासारखं तो सांभाळून घेत नाही.

म्हणून मला वाटतं, कलाकाराची ओळख एकट्या कलाकाराची नसते. निम्मी आपल्याकडे असते, आणि आपण ती सहजासहजी परत देत नाही.

पुण्यात बालगंधर्व रंगमंदिरात गेलात, तर गोपाळ देऊसकरांनी काढलेली त्यांची दोन मोठी चित्रं बघा. एक पुरुषवेषातलं, एक स्त्रीवेषातलं. तुमची नजर आधी कुठल्या चित्राकडे गेली, ते मला नक्की कळवा.