वेताळाचं बिऱ्हाड

आमच्या नातवाला सध्या जपानी चित्रमालिकांचं वेड लागलंय. काळोख्या रात्री, राक्षस, तलवारी, आणि संपता संपत नाहीत अशी प्रकरणं. परवा त्यानं मोठ्या दयेनं विचारलं, "आजोबा, तुमच्या लहानपणी असलं काही नव्हतं ना?" आणि माझ्यातला वेताळ खवळला.

नव्हतं कसं? आमचा 'चांदोबा' होता! १९५२ साली तो मराठीत निघाला. त्यातला राजा विक्रम स्मशानातल्या झाडावरचं प्रेत खांद्यावर टाकी, आणि प्रेतातला वेताळ गोष्ट सांगून कोडं घाली. चित्रकार शंकर यांनी काढलेलं ते लोंबतं प्रेत पाहिलं, की रात्री परसात जायची आमची छाती होत नसे.

वडील गाडीतून चेंगरून नालासोपाऱ्याला उतरत, जेवत आणि वाचायला बसत. कोडं आलं की नेमके घोरू लागत! उत्तर मी अंथरुणात पडल्या पडल्या जुळवायचा. सकाळी ते पिशवी खांद्याला लावून पुन्हा स्टेशनच्या वाटेला. विक्रमाचं आणि त्यांचं काही नातं असावं, असा मला तेव्हा दाट संशय होता.

पुढे कळलं की राजा उज्जैनचा नव्हेच! काश्मिरी सोमदेवाच्या अकराव्या शतकातल्या 'कथासरित्सागरा'त तो गोदाकाठच्या प्रतिष्ठानचा, म्हणजे आपल्या पैठणचा, त्रिविक्रमसेन आहे. पैठण सातवाहनांची राजधानी आणि आमचं सोपारा त्या काळचं नामांकित बंदर. (१८८२ साली भगवानलाल इंद्रजींनी इथला स्तूप खणला, तो आजही आहे. शेजाऱ्यांना रिक्षातळ तेवढा ठाऊक.) तेव्हा वेताळ घरचाच म्हणायचा. कोकण-गोव्यात तर त्याची देवळं आहेत.

१९८५ साली तो दूरदर्शनवर आला. 'चांदोबा' मात्र बंद पडला.

"पण राजा गप्प का बसत नाही?" नातवानं विचारलं. प्रश्न बिनतोड होता. तेवीस वेळा तो बोलतो आणि तेवीस वेळा हातचं प्रेत घालवतो. चोविसाव्याला उत्तरच सुचत नाही, तेव्हा कुठे गप्प राहतो! उत्तर माहीत असून गप्प बसणं आमच्या वडिलांना तरी कुठे जमायचं? ऑफिसात साहेबाची चूक दाखवून ते दोनदा बढतीला मुकले होते.

हे सगळं सांगायला मी तोंड उघडलं मात्र, पोरगं सुटलं आणि पुन्हा आपल्या पडद्याला जाऊन लटकलं.