आठ पुस्तकांची बार्बारा

बाख आणि विवाल्दी ही नावं कधीतरी कानावर आलेली असतात. युरोपातल्या संगीताच्या ज्या काळाला बरोक म्हणतात, त्या काळातले हे मोठे रचनाकार. त्यांच्या आधी व्हेनिस शहरात एक बाई गाणी रचून छापत होती, तिच्याविषयी आज आम्ही बोलणार आहोत. बार्बारा स्ट्रोझी, जन्म १६१९.

आई इझाबेला गार्झोनी ही कवी जूलिओ स्ट्रोझी यांच्या घरी कामाला होती. जूलिओ मुलीला दत्तक म्हणत. ती त्यांचीच असावी असं बहुतेक अभ्यासक मानतात. त्यांनी तिला फ्रांचेस्को काव्हाल्ली या नामवंत रचनाकाराकडे शिकवलं आणि १६३७ च्या सुमारास विद्वानांची एक मंडळी जमवली. पुरुष वाद घालत, बार्बारा गात असे. लगेच तिच्या चारित्र्याची टवाळी करणारं लिखाण गावभर फिरू लागलं. पुरुषांत बसून गाते, एवढं पुरे होतं!

चर्चमध्ये संगीतप्रमुखाची जागा बाईला मिळत नसे. तिने छापखान्याची वाट धरली. १६४४ साली पहिलं पुस्तक निघालं, तेव्हा ती पंचवीस वर्षांची होती. ते तिने तोस्कानाच्या राणीसाहेब व्हित्तोरिया देल्ला रोव्हेरे यांना अर्पण केलं. बाई असून हे धाडस करते आहे, निंदेपासून तुमचा आसरा असू द्या, अशी विनवणी त्यात आहे. १६६४ पर्यंत आठ पुस्तकं झाली. त्यांतलं चौथं आज सापडत नाही. जूलिओ १६५२ मध्ये वारले. बार्बाराने लग्न केलं नाही, मुलं चार. पण ती लाचार नव्हती: पैसे व्याजाने लावत होती, तशी कागदपत्रं आहेत.

तिच्या बहुतेक रचना एकाच उंच आवाजासाठी आहेत, बहुधा स्वतःच्याच. सातव्या पुस्तकातली ‘लाग्रिमे मिए’, म्हणजे ‘माझी आसवं’, मिळाली तर जरूर ऐका. सुरुवातीला खाली एकच स्वर धरलेला असतो आणि वरचा आवाज अडखळत, हुंदके देत पायरी पायरीने उतरतो. शब्द कळायची गरज पडत नाही.

ड्रेस्डेनला एक चित्र आहे, हातात मोठं तंतुवाद्य घेतलेल्या बाईचं. ती हीच असं मानतात. ते पाहून तिच्या ढळलेल्या वस्त्रावर पानंच्या पानं लिहिली गेली, याचा आम्हांला राग येतो. शेजारी स्वरलिपीचे कागदही रंगवलेले आहेत की!

१६७७ साली ती पादुआला वारली. तिचा नीट अभ्यास सुरू झाला तो विसाव्या शतकाच्या सत्तरीत.