सूचींची सूची : पोथ्यांचा पत्ता शोधणारी शंभर वर्षे (धागा)

सतराव्या शतकात काशीत नीलकंठ नावाचे दोन मराठी पंडित होऊन गेले. एक नीलकंठ चतुर्धर : मूळचे गोदाकाठच्या कोपरगावचे, गोविंदांचे पुत्र, महाभारतावरील 'भारतभावदीप' या टीकेचे कर्ते. दुसरे नीलकंठ भट्ट : पैठणहून काशीस गेलेल्या भट्ट घराण्यातले, शंकरभट्टांचे पुत्र, धर्मशास्त्रावरील बारा 'मयूखां'चे कर्ते.

दोघांच्या ग्रंथांच्या नकला देशभर पसरल्या. आता एखाद्या वाड्यातल्या यादीत नुसतेच 'नीलकंठ' असे लिहिलेले असेल, तर ती पोथी कोणाची समजायची?

हा प्रश्न केवळ पंडितांच्या सभेपुरता नव्हता. भट्टांचा 'व्यवहारमयूख' मुंबई इलाख्यातील न्यायालये वारसा, दत्तक आणि वाटणीच्या दाव्यांत प्रमाण मानीत. ग्रंथाचा पाठ शुद्ध हवा, तर अनेक प्रती ताडून पाहायला हव्यात. पण त्या प्रती आहेत कुठे, हे सांगणारे एकही ठिकाण एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत नव्हते. पोथ्या होत्या मठांत, संस्थानिकांच्या संग्रहांत, शास्त्र्यांच्या माळ्यावर, आणि लंडन, ऑक्सफर्ड, बर्लिनमध्येही.

मे १८६८ मध्ये लाहोरचे पंडित राधाकृष्ण यांनी गव्हर्नर जनरल लॉरेन्स यांना पत्र लिहिले. त्यांचे वडील महाराजा रणजितसिंहांचे मुख्य पंडित होते. भारतातील आणि युरोपातील ग्रंथालयांत असलेल्या सर्व संस्कृत हस्तलिखितांची सूची व्हावी, ही त्यांची सूचना. सरकारने ती उचलून धरली आणि त्याच वर्षी प्रांतोप्रांती पोथ्यांचा शोध व याद्यांचे काम हाती घेण्याचे ठरले.

मग याद्यांचा ओघ सुरू झाला. ब्यूलर यांनी गुजरात, काठेवाड, कच्छ, सिंध आणि आपल्या खानदेशातील खासगी संग्रहांची यादी १८७१ पासून प्रसिद्ध केली. मध्य प्रांताची यादी कीलहॉर्न यांनी १८७४ मध्ये नागपुरातून काढली. बंगालात राजेंद्रलाल मित्र कामाला लागले होते. तंजावरच्या भोसले राजांचा, विशेषतः सरफोजी दुसरे यांनी वाढवलेला प्रचंड संग्रह बर्नेल यांनी वर्गवार लावला. ती सूची १८८० ची.

याद्या झाल्या खऱ्या, पण प्रत्येकीची तऱ्हा निराळी. कोणी विषयवार मांडणी केली, कोणी मालकाच्या नावाने. तोच ग्रंथ एकीकडे 'मयूख', दुसरीकडे 'भास्कर', तिसरीकडे केवळ प्रकरणाच्या नावाने नोंदलेला. कुठे पानांची संख्या आहे तर लेखकाचे नाव नाही. कुठे लेखकाचे नाव आहे, पण त्याच्या पित्याचे नाही. आणि दोन नीलकंठ वेगळे करायचे तर पित्याचेच नाव कामाला येते.

या सगळ्या याद्या एकत्र वाचण्याचे काम थिओडोर आउफ्रेख्ट या जर्मन पंडिताने एकट्याने केले. ऑक्सफर्डच्या बोडलियन ग्रंथालयातील संस्कृत पोथ्यांची सूची त्यांनी आधीच केली होती. त्यांचा 'कॅटलोगस कॅटलोगोरम', म्हणजे सूचींची सूची, लाइपझिगहून १८९१, १८९६ आणि १९०३ अशा तीन भागांत निघाला. ग्रंथाचे नाव, कर्ता, शक्य तिथे कर्त्याचा पिता आणि पुढे संग्रहांचे संक्षेप व क्रमांक : 'ऑक्स' म्हणजे ऑक्सफर्ड, 'के' म्हणजे कीलहॉर्नची यादी, 'बर्नेल' म्हणजे तंजावर. एका ओळीत एका ग्रंथाचा अर्ध्या जगातला पत्ता! आणि त्यांतच एक संक्षेप आहे 'राध'. तो लाहोरच्या राधाकृष्णांच्या स्वतःच्या संग्रहाचा.

या ग्रंथाला एक उपजत दुखणे होते. सूचींची सूची मूळ याद्यांइतकीच खरी असते. मद्रासचे ओपर्ट यांनी दक्षिणेतील खासगी संग्रहांच्या याद्या १८८० आणि १८८५ मध्ये छापल्या, त्या बहुतांशी इतरांनी कळवलेल्या माहितीवरून; पोथी डोळ्यांनी पाहून नव्हे. आउफ्रेख्ट यांनी त्या नोंदीही घेतल्या. पुढे लुप्त मानलेल्या ग्रंथाचे नाव तिथे पाहून अभ्यासक हरखून जात, आणि शोधाअंती हाती काहीच लागत नसे. पोथी विकली गेली, वाळवीने खाल्ली की मुळातच नव्हती, हे कळायला मार्ग नाही. तरीही त्या नोंदी वगळल्या असत्या, तर खऱ्या निघालेल्याही हरवल्या असत्या.

पुण्यात मात्र पोथी आणि नोंद यांची गाठ घट्ट राहिली. ब्यूलर, कीलहॉर्न, रामकृष्ण गोपाळ भांडारकर, पीटरसन यांनी सरकारसाठी मिळवलेल्या पोथ्यांना त्या त्या वर्षाच्या खरेदीनुसार क्रमांक दिले गेले. हा संग्रह डेक्कन कॉलेजातून १९१८ मध्ये भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरात आला, तरी क्रमांक बदलले नाहीत. म्हणून आजही संशोधनात '१८७९-८० मधील अमुक क्रमांक' अशी नोंद आढळते. क्रमांक नव्याने घातले असते, तर आउफ्रेख्टच्या ग्रंथातील पुण्याकडे बोट दाखवणारी प्रत्येक ओळ निरुपयोगी झाली असती.

याच संस्थेत महाभारताची चिकित्सक आवृत्ती आकाराला आली. विष्णु सीताराम सुकथनकरांनी १९२५ मध्ये सूत्रे हाती घेतली, तेव्हा काश्मीरच्या शारदा लिपीपासून केरळच्या मलयाळम लिपीपर्यंतच्या पोथ्या जुळवायच्या होत्या. सगळ्या पुण्यात आणणे अशक्य. म्हणून शांतिनिकेतन आणि तंजावर येथेही पाठ ताडण्याची केंद्रे चालवली गेली. चतुर्धरांची प्रत तिथे साक्षीदारांपैकी एक म्हणून उभी राहिली. इकडे पांडुरंग वामन काणे यांनी भट्टांचा 'व्यवहारमयूख' अनेक प्रतींवरून संपादून १९२६ मध्ये प्रसिद्ध केला.

तोवर आउफ्रेख्टचा ग्रंथ जुना झाला होता. म्हैसूर, त्रावणकोर, बडोदे येथून नव्या सूच्या येत होत्या. नवी सूचींची सूची हवी, ही सूचना पुन्हा लाहोरहूनच आली, ए. सी. वूल्नर यांच्याकडून. मद्रास विद्यापीठाने १९३५ मध्ये काम आरंभले. कुप्पुस्वामी शास्त्री, कुन्हन राजा आणि नंतर दीर्घकाळ व्ही. राघवन यांनी ते वाहिले. या वेळी एका माणसाची बैठक पुरणार नव्हती. ग्रंथालयांशी पत्रव्यवहार, छापील सूच्या, हस्तलिखित याद्या असे सारे गोळा केले गेले. राघवन १९५३-५४ मध्ये युरोपातील ग्रंथालयांतून सूचीत न आलेल्या पोथ्या पाहत हिंडले.

पहिला खंड १९४९ मध्ये निघाला. त्यात केवळ 'अ'पासून सुरू होणारी नावे होती. नव्या याद्या येतच राहिल्या, आणि १९६८ मध्ये तोच 'अ' सुधारून पुन्हा छापावा लागला.