विजेता संघ पुढच्या वर्षी कुठे होता?

आज आपल्याला अमेरिकेतल्या महिला व्यावसायिक फुटबॉलच्या अंतिम सामन्याबद्दल बोलायचं आहे. तिकडे या खेळाला सॉकर म्हणतात. फुटबॉल हे नाव त्यांनी चेंडू हातात धरून पळायच्या खेळाला देऊन टाकलंय. आपण मात्र फुटबॉलच म्हणू.

अंतिम सामन्याचा इतिहास साधारणपणे गोलफलकावरून सांगितला जातो. कोण जिंकलं, किती गोलांनी, शेवटचा गोल कुणाचा. पुरुषांच्या मोठ्या लीगमध्ये ते चालून जातं, कारण आजचा विजेता पुढच्या हंगामात मैदानात उतरणारच, हे तिथे गृहीत असतं. महिलांच्या बाबतीत निदान पहिली दहा-बारा वर्षं असं काही गृहीत धरायची सोय नव्हती. म्हणून या सामन्यांची यादी हातात घेतली की आम्ही वेगळेच प्रश्न विचारतो. सामना कुठे झाला? किती वाजता झाला? आणि जिंकलेला संघ पुढच्या वर्षी होता का?

सुरुवात १९९९ पासून करू. त्याच्याही मागे जायचं तर १९७२ च्या कायद्यापर्यंत जावं लागेल. सरकारी पैसा घेणाऱ्या शिक्षणसंस्थांना मुलगा-मुलगी असा भेद करता येणार नाही, असं त्या कायद्यानं ठरवलं आणि कॉलेजांच्या मैदानांवर मुलींचे संघ उभे राहिले. त्याचं फळ पुढच्या पिढीत दिसलं. १० जुलै १९९९ रोजी कॅलिफोर्नियातल्या रोझ बोल मैदानावर अमेरिका आणि चीन यांच्यात विश्वचषकाचा अंतिम सामना झाला. प्रेक्षक ९०,१८५. गोल एकही नाही. निकाल पेनल्टीवर, ५-४. शेवटची पेनल्टी ब्रँडी चास्टेननं मारली. तिचं ते छायाचित्र तुम्ही पाहिलं असेल.

एवढी गर्दी पाहिल्यावर लीग काढावी असं कुणालाही वाटेल. डिस्कव्हरी चॅनेलचे संस्थापक जॉन हेंड्रिक्स यांना ते वाटलं. केबल कंपन्या पैसे घालून बरोबर आल्या आणि २००१ च्या एप्रिलमध्ये आठ संघांची ‘वूसा’ ही लीग सुरू झाली. वॉशिंग्टनमधल्या पहिल्याच सामन्याला ३४,१४८ लोक होते. विश्वविजेत्या संघातल्या खेळाडूंना लीगच्या संस्थापक म्हणून हिस्सा दिला होता, म्हणून चषकाचं नावही ‘फाउंडर्स कप’, संस्थापकांचा चषक. पुढे काय झालं ते कळल्यावर हे नाव जरा टोचतं.

आता तीन अंतिम सामने शेजारी शेजारी ठेवून पाहा. २००१ : फॉक्सबरो, मॅसॅच्युसेट्स. बे एरिया सायबररेज विरुद्ध अटलांटा बीट, ३-३, पेनल्टीवर सायबररेज ४-२. प्रेक्षक २१,०७८. २००२ : अटलांटा. कॅरोलिना करेजनं वॉशिंग्टन फ्रीडमला ३-२ असं हरवलं. आदल्या वर्षी हाच करेज संघ तळाला होता. प्रेक्षक १५,३२१. २००३ : सॅन डिएगो. वॉशिंग्टननं अटलांटाला जादा वेळेत २-१ असं हरवलं, दोन्ही गोल अ‍ॅबी वॉमबाक नावाच्या तेवीस वर्षांच्या मुलीचे. प्रेक्षक ७,१०६.

एकवीस हजार, पंधरा हजार, सात हजार. हे आकडे पाहून ‘लोकांचा उत्साह ओसरला’ असं लिहायचा मोह होतो आणि तसं लिहिलंही गेलंय. पण तो सॅन डिएगोचा सामना झाला एका विद्यापीठाच्या मैदानावर, जिथे फार तर सात हजार माणसं मावतात. म्हणजे मैदान भरलेलं होतं! मग एवढा मोठा सामना एवढ्या लहान मैदानावर का नेला, हा प्रश्न प्रेक्षकांना विचारायचा की हिशेब ठेवणाऱ्यांना? साखळी सामन्यांची सरासरी घसरली होती हे खरं, आठ हजारांवरून साडेसहा हजारांच्या आसपास. पण मूळ दुखणं वेगळं होतं. पाच वर्षं पुरवायचे चार कोटी डॉलर पहिल्याच हंगामात उडाले. दूरदर्शन प्रक्षेपण मोठ्या वाहिनीवरून लहान वाहिनीवर गेलं. जाहिरातदार हवे तितके आलेच नाहीत. संस्थापक खेळाडूंनी आपला पगार कापून घेतला, तरी खड्डा बुजेना.

तो अंतिम सामना २४ ऑगस्टला झाला. १५ सप्टेंबरला लीग बंद झाल्याची घोषणा आली. पाचच दिवसांनी, २० तारखेला, महिला विश्वचषक सुरू होणार होता आणि तोही अमेरिकेतच. चीनमध्ये सार्सची साथ आल्यामुळे तो ऐनवेळी तिकडून हलवला होता. म्हणजे देशासाठी खेळायची तयारी चाललेली असताना या मुलींना कळलं की स्पर्धा संपल्यावर आपल्याला नोकरी नाही.

मध्ये पाच वर्षं काहीच नाही. खेळाडूच्या आयुष्यात पाच वर्षं म्हणजे किती, हे सांगायला नको.

२००९ मध्ये दुसरी लीग आली, ‘डब्ल्यूपीएस’. तिची गोष्ट एका खेळाडूच्या मागे मागे जाऊन सांगता येते : ब्राझीलची मार्टा. जगातली सर्वोत्तम खेळाडू असा मान ओळीनं मिळवणारी. ती २००९ मध्ये लॉस एंजेलिस सोलकडून खेळली. संघ साखळीत पहिला आला, अंतिम सामन्यात न्यू जर्सीच्या स्काय ब्लूकडून १-० असा हरला. (स्काय ब्लूची कर्णधार क्रिस्टी रॅम्पोन तेव्हा कर्णधारही होती, हंगामी प्रशिक्षकही होती आणि गरोदरही होती. प्रशिक्षक टिकत नव्हते, म्हणून ते कामही तिच्याच गळ्यात पडलेलं.) जानेवारी २०१० मध्ये सोल बंद पडला. मार्टा उत्तर कॅलिफोर्नियातल्या गोल्ड प्राइडकडे गेली. हाही संघ साखळीत पहिला. अंतिम सामन्यात त्यांनी फिलाडेल्फियाला ४-० असं धुतलं. तारीख २६ सप्टेंबर. १६ नोव्हेंबरला गोल्ड प्राइड बंद! चषक उचलून दोन महिनेही झाले नव्हते.

मार्टा तिसऱ्या संघाकडे गेली, वेस्टर्न न्यूयॉर्क फ्लॅशकडे. पुन्हा साखळीत पहिला, पुन्हा अंतिम फेरी, समोर पुन्हा फिलाडेल्फिया. रॉचेस्टरला १०,४६१ लोकांसमोर १-१, आणि पेनल्टीवर फ्लॅश ५-४. या वेळी संघ बंद पडला नाही, अख्खी लीगच पडली. एका संघमालकाशी चाललेल्या कोर्टकज्ज्यांनी उरलेसुरले पैसे खाल्ले. २०१२ चा हंगाम रद्द झाला आणि मे महिन्यात लीगनं गाशा गुंडाळला. तीन वर्षं, तीन अंतिम सामने, दोन चषक. आणि दर वर्षअखेरीला नव्या ठिकाणी नोकरी शोधायची. जगातल्या सर्वोत्तम खेळाडूची ही गत, तर बाकीच्या मुलींचं काय होत असेल याचा अंदाज तुम्हीच करा.

तिसरी लीग ‘एनडब्ल्यूएसएल’, २०१३ पासून. ही टिकली. का टिकली? तिनं स्वप्नं लहान ठेवली, हे आमच्या मते मुख्य कारण. राष्ट्रीय संघातल्या खेळाडूंचे पगार अमेरिका, कॅनडा आणि मेक्सिकोच्या फुटबॉल संघटनांनी उचलले. बाकीच्यांचा किमान पगार हंगामाला सहा हजार डॉलर. सहा हजार! अमेरिकेत एवढ्यात घरभाडंसुद्धा भागत नाही. म्हणजे लीगच्या तोट्याचा एक वाटा या मुली भरत होत्या. ‘लीग टिकली’ हे वाक्य लिहिताना एवढी तळटीप आपण मनात ठेवू.

संघ इथेही बुडत राहिले. कॅन्सस सिटीनं २०१४ आणि २०१५ असे लागोपाठ दोन चषक जिंकले, २०१७ अखेर तो संघ नव्हता. फ्लॅशनं २०१६ चा चषक पेनल्टीवर जिंकला. जानेवारी २०१७ मध्ये संघ विकला गेला आणि नॉर्थ कॅरोलिनात जाऊन त्यानं नाव घेतलं ‘करेज’. वूसाच्या जुन्या करेजचंच नाव. फ्लॅशच्या त्या चषकाला आणखी एक बाजू आहे, ती बरीच वर्षं झाकलेली राहिली. त्यांच्या प्रशिक्षकाविरुद्ध आधीच्या क्लबमध्ये, २०१५ मध्ये, एका खेळाडूनं लैंगिक छळाची तक्रार केली होती. त्या क्लबनं त्याला गाजावाजा न करता जाऊ दिलं आणि पुढच्या हंगामात तो दुसरीकडे विजेत्या संघाचा प्रशिक्षक म्हणून उभा होता.

हे सगळं सप्टेंबर २०२१ मध्ये पत्रकारी शोधातून बाहेर आलं. दुसऱ्याच दिवशी लीगच्या आयुक्त पायउतार झाल्या, त्या आठवड्याचे सामने रद्द झाले. ६ ऑक्टोबरला खेळ पुन्हा सुरू झाला तेव्हा सहाव्या मिनिटाला खेळाडू थांबल्या. दोन्ही संघ मैदानाच्या मध्यभागी येऊन हातात हात घालून उभे राहिले. सहावं मिनिट, कारण तक्रार ऐकली जायला सहा वर्षं लागली.

आणि याच दिवसांत ‘किती वाजता’ हा आपला प्रश्न ऐरणीवर आला. २०२१ चा अंतिम सामना पोर्टलंडला ठरला होता. प्रक्षेपण देशभर दुपारी बाराला हवं, म्हणून पश्चिम किनाऱ्यावरच्या पोर्टलंडमध्ये सामना सुरू व्हायचा होता सकाळी नऊला. नऊला सामना म्हणजे खेळाडूंनी पहाटे उठून खायचं, अंग मोकळं करायचं, आणि वर्षातला सगळ्यात मोठा सामना अर्धवट झोपेत खेळायचा. एरवी कदाचित चालवूनही घेतलं असतं. त्या ऑक्टोबरात खेळाडू गप्प बसायच्या मनःस्थितीत नव्हत्या. सामना लुइव्हिलला हलवला गेला. प्रक्षेपणाची वेळ तीच राहिली. शहर पूर्वेकडचं असल्यानं मैदानावर दुपारचे बारा वाजलेले. वॉशिंग्टन स्पिरिटनं जादा वेळेत शिकागोला २-१ असं हरवलं.

आम्हाला विचाराल तर लीगच्या इतिहासातला सगळ्यात महत्त्वाचा निकाल हा, आणि तो गोलफलकावर नाही. सामन्याची वेळ खेळाडूंनी बदलून घेतली. २०२२ च्या सुरुवातीला खेळाडू संघटनेचा पहिला सामूहिक करार झाला, किमान पगार ३५,००० डॉलरवर आला. त्याच वर्षीचा अंतिम सामना वॉशिंग्टनला, पूर्वेकडच्या घड्याळानुसार रात्री आठला दाखवला गेला, प्रेक्षक १७,६२४. पुढच्या वर्षी सॅन डिएगोला २५,०११. वीस वर्षांपूर्वी सात हजारांच्या मैदानावर वूसाचा शेवटचा सामना झाला, तेच हे शहर. या वेळचा विजेता होता गॉथम एफसी, आणि आदल्या वर्षी तो साफ तळाला होता. गॉथम म्हणजे कोण? नाव बदललेला स्काय ब्लू. २००९ मध्ये मार्टाच्या संघाला हरवणारा तोच क्लब. मधल्या काळात सरावाच्या जागी साधी आंघोळीची सोय नाही, अशी त्याची अवस्था होती, पण तो बंद पडला नाही.

मार्टाचं काय झालं? ती २०१७ मध्ये ओरलँडो प्राइडकडे आली. बरेच हंगाम तो संघ खालच्या अर्ध्यातच घुटमळत होता. २०२४ मध्ये साखळीत पहिला आला आणि २३ नोव्हेंबरला कॅन्सस सिटीत, झांबियाच्या बार्ब्रा बांडाच्या एकमेव गोलवर त्यानं स्पिरिटला हरवलं. कर्णधार मार्टा, वय अडतीस. ते मैदान महिलांच्या व्यावसायिक संघासाठीच म्हणून बांधलेलं जगातलं पहिलं मैदान, त्याच वर्षी उघडलेलं.

आणि पुढच्या मार्चमध्ये ओरलँडो प्राइडचा संघ नव्या हंगामासाठी मैदानात उतरला, मार्टासह. आता आपण प्रश्न घेऊ.