मला कशासाठी धरलंय?

दोनशे वर्षांच्या या फेरफटक्याला सामान फारसं लागत नाही. चार प्रश्न तेवढे पाठ करा. मला कशासाठी धरलंय? माझ्या बाजूनं बोलणार कोण? मला कोणापुढं उभं करणार? आणि सुटायचं कधी? प्रत्येक मुक्कामी हेच चार विचारायचे. मुक्काम बहुतेक ठाण्यातले, एकाच तटबंदीच्या आतबाहेरचे. शेवटचा कल्याणला.

ठाण्याचा किल्ला, सप्टेंबर 1816

तुमच्या हातात खरारा आहे. एका इंग्रज अंमलदाराच्या घोड्याचे तुम्ही मोतद्दार. हा किल्ला पोर्तुगीजांनी बांधायला घेतला, 1737 मध्ये मराठ्यांनी जिंकला आणि 1774 सरता सरता इंग्रजांनी बळकावला. वरच्या खिडकीआड बाजीराव पेशव्यांचा लाडका कारभारी त्रिंबकजी डेंगळे कैदेत आहे. पहाऱ्यावर सगळे गोरे शिपाई. देशी शिपाई फितूर होतील म्हणून मुद्दाम गोरे नेमलेले, पण त्यांना मराठीचा गंध नाही. तुम्ही घोड्याच्या पाठीवरून हात फिरवत मोठ्यानं गाताय, आणि साथीदार कुठं थांबलेत, घोडे कुठं उभे आहेत, हे सगळं त्या गाण्यात आहे. शिपायांना वाटतंय, मोतद्दार खुशीत आहे. 12 तारखेच्या रात्री त्रिंबकजी पसार होतो. ही हकीकत पुढं बिशप हेबर लिहून ठेवील.

आता प्रश्न विचारा. कशासाठी धरलं, याला उत्तर आहे: गायकवाडांचे वकील गंगाधरशास्त्री पटवर्धन यांचा जुलै 1815 मध्ये पंढरपुरात खून झाला आणि तो त्रिंबकजीनं करवला, असं पुण्यातला इंग्रज रेसिडेंट एल्फिन्स्टनचं म्हणणं. बाकीच्या तीन प्रश्नांना उत्तर नाही. वकील नाही, न्यायाधीश नाही, मुदत नाही. कंपनी सरकारनं पेशव्यांच्या मानेवर गुडघा ठेवून माणूस ताब्यात घेतला आणि कोंडला. 1818 मध्ये तो पुन्हा सापडतो, चुनारच्या किल्ल्यात रवाना होतो आणि 1829 मध्ये तिथंच मरतो. त्याच्यावर खटला असा कधी चाललाच नाही. त्यामुळं खून त्यानं करवला का, हे कुठल्याही न्यायासनापुढं ठरलं नाही. खटला टाळला की आरोपीचं नुकसान होतं हे कुणालाही कळतं. खून झालेल्या शास्त्र्यांनाही न्याय मिळाला नाही, हे मात्र सहसा कुणी बोलत नाही. ही गोष्ट ध्यानात ठेवा, पुढं लागेल.

ठाणे तुरुंग, 19 एप्रिल 1910

किल्ल्याचा आता तुरुंग झालाय. तुम्ही पहाटे फाटकाबाहेर उभे आहात. आत अनंत कान्हेरे, कृष्णाजी कर्वे आणि विनायक देशपांडे यांना फाशी दिली जातेय. कान्हेऱ्यांचं वय अठराच्या आसपास. 21 डिसेंबर 1909 च्या रात्री नाशिकच्या विजयानंद नाट्यगृहात ‘शारदा’ नाटकाच्या खेळाला आलेल्या कलेक्टर जॅक्सनवर त्यांनी गोळ्या झाडल्या. त्या रात्रीपासून या पहाटेपर्यंत चार महिनेही झालेले नाहीत.

इथं प्रश्न अवघड होतात, कारण गोळी कोणी झाडली याबद्दल वादच नाही. आणि इंग्रजी राज्यात कायदा नव्हता असंही नाही. पोलिसांपुढं दिलेला कबुलीजबाब आरोपीविरुद्ध वापरता येत नाही, ही तरतूद 1872 च्या पुरावा कायद्यातली. अटकेनंतर चोवीस तासांच्या आत दंडाधिकाऱ्यापुढं नेणं 1898 च्या फौजदारी संहितेत होतं. मग कमी काय होतं? एका कायद्यानं दिलेलं दुसऱ्या कायद्यानं काढून घेता येत होतं, हे. मुंबई इलाख्याच्या 1827 च्या पंचविसाव्या रेग्युलेशनखाली कुणालाही खटल्याविना अडकवता येई. प्लेग अधिकारी रँडच्या खुनानंतर 1897 मध्ये पुण्याच्या नातू बंधूंना असंच उचललं, आणि दोन वर्षांनी सोडताना त्यांनी काय केलं होतं हे कोर्टात सांगायची सरकारला गरज पडली नाही. क्रांतिकारकांच्या खटल्यांसाठी 1908 मध्ये आणखी एक कायदा आला. त्यात ज्युरी नाही, आणि प्राथमिक चौकशीच्या वेळी आरोपी हजर असलाच पाहिजे असंही नाही. सरकारला राग आला की हक्क आटत. हक्कांची गरज मात्र नेमकी तेव्हाच असते.

दिल्ली, 15 सप्टेंबर 1949

ठाणे सोडून थोडं बाहेर या. संविधान सभेच्या प्रेक्षक सज्जात बसा. खाली डॉ. आंबेडकर 15-अ हा नवा अनुच्छेद मांडतायत. आज आपण त्याला बाविसावा म्हणतो. पार्श्वभूमी अशी: जीवित आणि स्वातंत्र्य ‘कायद्यानं ठरवलेल्या पद्धतीनं’ हिरावता येईल, असं सभेनं आधीच मान्य केलंय. त्यामुळं संसदेला वाटेल तशी अटक करायची मोकळीक मिळाली, अशी देशभर ओरड आहे. आंबेडकर आडपडदा न ठेवता सांगतात, की ती उणीव भरून काढायला हा अनुच्छेद आणलाय.

पहिल्यांदाच तुमच्या प्रश्नांना संविधानाच्या कागदावर उत्तरं मिळतायत. अटकेची कारणं शक्य तितक्या लवकर सांगायची. पसंतीच्या वकिलाचा सल्ला घेता येईल. चोवीस तासांत, प्रवासाचा वेळ वगळून, जवळच्या दंडाधिकाऱ्यापुढं नेलंच पाहिजे. शेजारच्या विसाव्या अनुच्छेदात स्वतःविरुद्ध साक्ष द्यायची सक्ती नाही. आणि हे संविधानात असल्यानं साध्या कायद्यानं पुसता येणार नाही.

टाळ्या वाजवण्याआधी त्याच अनुच्छेदाचा पुढचा भाग वाचा. प्रतिबंधात्मक स्थानबद्धतेतल्या माणसाला वकील आणि चोवीस तास हे दोन्ही लागू नाहीत. दार बसवलं, पण शेजारी खिडकीही ठेवली.

ठाणे मध्यवर्ती कारागृह, 28 एप्रिल 1976

त्या खिडकीतूनच तुम्ही आत आलात. आणीबाणी चालू आहे. डोंबिवलीच्या चाळीतून रात्री पोलिसांनी नेलं, ‘मिसा’ हा विनाखटला अडकवायचा कायदा लावला. कारणं विचारलीत तर अंमलदारानं खांदे उडवले. त्याचंही चुकलं नाही म्हणा, कारण दुरुस्ती करून कारणं न सांगण्याची सोय कायद्यातच केलीय. चौदा, एकवीस आणि बावीस या अनुच्छेदांसाठी कोर्टात जायचा हक्क राष्ट्रपतींच्या आदेशानं थांबवलाय. तरीही देशातल्या अनेक उच्च न्यायालयांनी, आपल्या नागपूर खंडपीठानंही, अटक कायद्याला धरून आहे की नाही एवढं तरी आम्ही तपासू, असं म्हटलंय. बराकीत तेवढीच आशा आहे.

आज सर्वोच्च न्यायालय चार विरुद्ध एक मतांनी ती आशा मोडतं. आणीबाणीत कोर्टाची पायरी चढताच येणार नाही. चौघांमधले एक न्यायमूर्ती यशवंत चंद्रचूड. एकटे न्यायमूर्ती खन्ना वेगळं मत नोंदवतात आणि पुढं सरन्यायाधीशपदाला मुकतात. सुनावणीत त्यांनी विचारलं होतं, की एखाद्या पोलिसानं वैयक्तिक आकसानं कुणाचा जीव घेतला तरी दाद नाही का? सरकारी वकिलांनी कबूल केलं, आणीबाणी चालू आहे तोवर नाही.

त्रिंबकजीची होती जवळपास तशीच तुमची अवस्था आहे, तीही संविधान लागू होऊन सव्वीस वर्षं झाल्यावर. फरक एवढाच, की तुम्ही सुटाल आणि मतदान कराल. 1978 च्या चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीनं आणीबाणीतही विसावा आणि एकविसावा अनुच्छेद थांबवता येणार नाही असं ठरेल. 2017 मध्ये सर्वोच्च न्यायालय आजचा हा निकाल रद्द ठरवेल, आणि तसं लिहिणाऱ्यांत यशवंतरावांचे चिरंजीव धनंजय चंद्रचूड असतील.

मधली वर्षं भराभर ओलांडू. हॉस्कॉट नावाच्या महाराष्ट्रातल्या कैद्याला उच्च न्यायालयाच्या निकालाची प्रतच वेळेवर मिळाली नाही. अपिलाची वेळ आली तेव्हा शिक्षा भोगून झाली होती. त्याच्या प्रकरणात 1978 मध्ये न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी फुकट प्रत आणि फुकट वकील हे हक्क ठरवले. पत्रकार शीला बारसे यांच्या पत्रावरून 1983 मध्ये मुंबईतल्या कोठड्यांमधल्या स्त्रियांबद्दल आदेश निघाले. मुंबईवरच्या हल्ल्यातल्या कसाबच्या अपिलात 2012 मध्ये न्यायालयानं फाशी कायम केली. त्याच निकालात हेही ठरलं, की पहिल्यांदा हजर केलेल्या आरोपीला ‘तुला वकील मिळू शकतो’ हे दंडाधिकाऱ्यानं स्वतः सांगितलं पाहिजे. आरोपींचे हक्क सहसा असेच, नावडत्या माणसांच्या खटल्यांतून आलेत.

मुंब्रा बायपास, 23 सप्टेंबर 2024

महिन्याभरापूर्वी, 20 ऑगस्टला, तुम्ही बदलापूर स्टेशनात रुळांवर उतरला होतात. शाळेत दोन चिमुरड्यांवर अत्याचार झाला होता आणि पोलिसांनी तक्रार घ्यायलाच वेळ लावला होता. राग खरा होता. आज संध्याकाळी मोबाइलवर बातमी येते: तळोजा तुरुंगातून ठाण्याकडं नेताना पोलिसांच्या गाडीत आरोपी गोळी लागून ठार. पोलीस सांगतात, त्यानं पिस्तूल हिसकावून गोळीबार केला. लोकलच्या डब्यात कुणीतरी पेढे वाटतंय. तुम्हीही एक उचलता.

जानेवारी 2025 मध्ये दंडाधिकाऱ्याच्या चौकशीचा अहवाल मुंबई उच्च न्यायालयात आला. त्यानं गाडीतल्या पाच पोलिसांना मृत्यूला जबाबदार धरलं. एप्रिलमध्ये उच्च न्यायालयानं विशेष तपास पथक नेमायला सांगितलं, मग वाद सर्वोच्च न्यायालयात गेला. त्या अहवालानं ते पाचही जण आरोपाच्या बाजूला आले. कारणं लेखी मागण्याचा, वकील करण्याचा, गुन्हा शाबित होईपर्यंत निर्दोष मानलं जाण्याचा हक्क त्यांनाही आहे, आणि तो असायलाच हवा.

आता गंगाधरशास्त्र्यांची गोष्ट आठवा. आरोपी मेला की त्याच्यावरचा खटला संपतो. त्यानं गुन्हा केला की नाही हे आता कुठलंही कोर्ट ठरवणार नाही, आणि त्या मुलींना ‘हे घडलं आणि यानं केलं’ असा निकाल कधीच मिळणार नाही. पेढा खाताना हे कुणाच्या लक्षात आलं नाही.

कल्याण न्यायालय, आजची दुपार

या वेळी बघ्याचं काम नाही. आरोपी तुम्ही आहात. सोसायटीच्या भांडणातून मारामारीचा गुन्हा दाखल झाला, काल संध्याकाळी उचललं, रात्र लॉकअपमध्ये गेली, सकाळी पालिकेच्या रुग्णालयात मेडिकल झालं. आता कोर्टाच्या पॅसेजमध्ये हवालदाराच्या शेजारी बाकावर बसलायत. रात्री यानंच दोन ठेवून दिल्या, दुपारी यानंच वडापाव आणून दिला.

कागदावर तुमच्याइतका सज्ज प्रवासी या वाटेवर आधी कुणी नव्हता. सात वर्षांपर्यंतच्या शिक्षेच्या गुन्ह्यात आधी नोटीस, अटक अगदी गरज असेल तरच. घरच्यांना कळवणं बंधनकारक. नोव्हेंबर 2025 मध्ये मिहीर शाह विरुद्ध महाराष्ट्र शासन या निकालात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की कुठल्याही गुन्ह्यात अटकेची कारणं लेखी, आरोपीला कळेल अशा भाषेत द्यायची. निदान रिमांडसाठी उभं करण्याच्या दोन तास आधी. वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचा लोकअभिरक्षक मिळतो. गुन्ह्याप्रमाणं साठ किंवा नव्वद दिवसांत चार्जशीट आलं नाही, तर जामीन हक्कानं मागता येतो.

पुकारा होतो. आत सराईत घाई आहे. एकामागून एक रिमांड. तपास अधिकारी कागद सरकवतो, सरकारी वकील ‘तपास बाकी आहे, पीसीआर हवी’ म्हणतात, म्हणजे पोलीस कोठडी. दंडाधिकारी मान वर करून तुम्हाला विचारतात, “पोलिसांविरुद्ध काही तक्रार आहे का?”

संविधानाच्या बाविसाव्या अनुच्छेदाचं सगळं वजन या एका प्रश्नावर येऊन पडलंय. चोवीस तासांची अट कशासाठी? पोलिसांहून वेगळ्या कुणीतरी तुमच्याकडं बघावं आणि हे विचारावं, यासाठी. तुमच्या उजव्या हाताला हवालदार उभा आहे. पोलीस कोठडी मिळाली तर रात्री त्याच्याच ताब्यात परत जायचंय.

“नाही, साहेब,” तुम्ही म्हणता.

स्टेनो टाइप करतो: आरोपीची पोलिसांविरुद्ध तक्रार नाही. पुढचा पुकारा होतो.

चारही प्रश्नांची उत्तरं कायद्यात आहेत. ती गळतात इथं, या अर्ध्या मिनिटात, आणि त्याला नवा निकाल पुरा पडणार नाही. ते काम बाहेरच्या माणसांचं आहे. शेजाऱ्याच्या पोराला उचललं तर पोलीस ठाण्यात जा. अटकेची वेळ लिहून घ्या, कारणांची प्रत मागा, विधी सेवेच्या 15100 ला फोन करून वकील मिळवा. त्यानं गुन्हा केलाय की नाही हे तुम्हाला ठाऊक नसेल, ठाऊक असायची गरजही नाही. रिमांडच्या वेळी कोर्टात मागच्या बाकावर जाऊन बसा आणि वकिलाला आधीच सांगून ठेवा, की पाठीवरचे वळ दाखवायचेत. ओळखीचं माणूस समोर दिसलं की “आहे, साहेब” म्हणायला बळ येतं.